आपलीच हाय, बसा

आमच्या आत्याबाईंना ‘माझं’ म्हणता येत नव्हतं. आत्याबाई म्हणजे माझ्या सासूबाई. आमच्याकडे सुना सासूला आत्याबाईच म्हणतात. त्यांची जीभ जड आहे असं मात्र कुणी समजू नये. चिकलठाण्याच्या आमच्या घरावरून विमान उतरायला लागलं की आम्ही बाकीचे बोलणं थांबवतो, त्या फक्त आवाज वाढवतात. पण एवढ्या बोलण्यात ‘माझं, माझा, माझी’ कधी यायचं नाही. सगळं ‘आपलं’.

लग्न होऊन आले तेव्हा मी पार गोंधळून जायचे. एकदा त्या म्हणाल्या, “आपल्या पोराला बँकेत नोकरी लागली.” मी दचकून नवऱ्याकडे पाहिलं, कारण त्यांचं पोर म्हणजे तोच, आणि तो तर रोज कंपनीच्या बसने शहराच्या या टोकाहून त्या टोकाला, वाळूजला जायचा. दुपारी कळलं की बँकवालं पोरगं समोरच्यांचं. “आपली म्हैस व्याली” म्हणाल्या. म्हैस निघाली त्यांच्या माहेरच्या शेजाऱ्यांची. कमाल झाली ती दवाखान्यात. डॉक्टरांनी विचारलं, काय होतंय? या म्हणाल्या, “आपलं पोट दुखायलंय.” डॉक्टर अगदी सरळ माणूस. म्हणाले, “नाही, माझं ठीक आहे. तुम्हाला काय होतंय ते सांगा.”

यात डॉक्टरांचा दोष नाही. शब्दच लबाड आहे. ‘आपलं’ म्हणजे माझं, तुमचं, ज्याचं त्याचं, नाहीतर सगळ्यांचं मिळून. आणि ‘आपलं उगीच’ म्हटलं तर कशाचंच काही नाही. मराठी माणूस दिवसभर हा शब्द वापरतो आणि कुणाचं काही अडत नाही. आमचं अडलं. या एका शब्दापायी आत्याबाईंची जागा हातची जायला निघाली होती.

जागा म्हणजे आमच्या घराच्या उजव्या अंगाचा मोकळा तुकडा. मध्ये लिंबाचं झाड, बुंध्याभोवती मामंजींनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, हौसेनं बांधून घेतलेला पार. कुंपण नाही, फाटक नाही. सकाळी तिथे इस्त्रीवाले चाचा आपली गाडी लावतात. दुपारी गल्लीतल्या बायका शेंगा फोडायला, भाजी निवडायला आणि मुख्य म्हणजे गैरहजर बायकांबद्दल बोलायला जमतात. गल्लीत कुणाचं लग्न निघालं की हळदीचा मांडव तिथेच पडतो. कुणी आलं की आत्याबाई खिडकीतून एकच वाक्य बोलतात, “आपलीच हाय, बसा.”

हा तुकडा मामंजींनी घर बांधल्यावर शेजाऱ्याकडून वेगळा विकत घेतला होता, आणि तो आत्याबाईंच्या नावावर. मामंजी इथल्याच जुन्या एमआयडीसीत कामाला होते, बोलायचे कमी. खरेदीच्या दिवशी ते बायकोला सोबत घेऊन गेले आणि तिथे गेल्यावर सांगितलं की जागा तुझ्या नावावर होतेय. आत्याबाई भडकल्या. लोक काय म्हणतील? मामंजी म्हणाले, “शेत भावांच्या नावावर हाय, घर माझ्या नावावर हाय, तुझ्या नावावर काय हाय? रेशन कार्डात बी तू दुसरी.” तर आत्याबाईंच्या उभ्या आयुष्यात त्यांच्या स्वतःच्या नावावर असलेली ही एकच गोष्ट. तरी मामंजी होते तोवर त्या तिला ‘ह्यांची जागा’ म्हणायच्या आणि ते गेल्यावर ‘आपली’ म्हणायला लागल्या.

मग आमच्या भागात मोकळ्या जागांची पाहणी निघाली. कोणत्या कार्यालयाची ते मी लिहीत नाही. माणसं तीच, खुर्च्या बदलतात. एक साहेब टेप आणि एक शिपाई घेऊन भर उन्हात आले. मी ऑफिसात होते, नवरा ड्युटीवर. घरी आत्याबाई एकट्या, म्हणजे आलेला माणूस खाल्ल्याशिवाय सुटत नाही. साहेबांना सावलीत बसवलं, माठातलं पाणी दिलं आणि तव्यावरचे धपाटे दह्यासोबत पुढे केले. साहेबांनी खाता खाता विचारलं, “आजी, ही जागा कुणाची?” आत्याबाई म्हणाल्या, “आपलीच हाय की साहेब. बसा निवांत.” साहेबांनी विचारलं, “इथं कोण कोण बसतं?” आत्याबाई अभिमानानं म्हणाल्या, “समदी बसत्यात.”

पुढे कागद आला त्यात या दोन उत्तरांची अशी गाठ मारलेली होती: ‘सदर जागा आपली सर्वांची असल्याचे उपस्थित वृद्ध महिलेने सांगितले. जागेचा वापर सार्वजनिक असल्याचे दिसून आले. सबब सदर जागा सार्वजनिक ठरविण्यात येत आहे.’ खाली गोल शिक्का.

मी तो कागद मोठ्यानं वाचला. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. माझा स्वभाव मुळात तापट. रिक्षावाल्यानं सुटे नाहीत म्हटलं तरी माझा आवाज चढतो, इथे तर अख्खी जागा चालली होती. आत्याबाईंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि त्याही भडकल्या, पण भलत्याच शब्दावर.

“वृद्ध? वृद्ध कुणाला म्हणला त्यो? धपाटे खाताना नाय दिसले म्हातारी?”

नवरा संध्याकाळी आला. त्याला कागद दाखवला तर तो हात-पाय धुऊन आला, चहा घेतला आणि म्हणाला, “आईच तसं म्हणाली ना? त्यांनी ऐकलं तसं लिहिलं. जाऊ दे.” हा माणूस ‘जाऊ दे’ या दोन शब्दांवर संसार करतो. वर म्हण तयारच, “शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये.” मी म्हटलं, “मग मी चढते. मला कुणी शहाणी म्हटलेलं नाही.”

काही दिवसांनी बोर्ड आला. दोन कामगार लोखंडी खांब आणि पाटी घेऊन आले आणि पारासमोर खड्डा घ्यायला लागले. मी सुट्टी टाकून भांडायच्या तयारीनं बाहेर आले, तर आत्याबाई माझ्या आधी तिथे. कामगारांना गूळ-पाणी दिलेलं, आणि स्वतः खांब धरून उभ्या. म्हणत होत्या, “तिरपा झालाय, जरा डावीकडं घ्या. लावायचाच हाय तर नीट लावा.” पाटीवर लिहिलं होतं की ही जागा सार्वजनिक आहे, विनापरवाना वापर करू नये. मी कपाळावर हात मारला.

कामगारांनीच सांगितलं की इथे व्यायामाची यंत्रं बसणार. भोवती जाळी, जाळीला दार, दाराला कुलूप, किल्ली कार्यालयात. हे ऐकून गल्ली हादरली. आजवर जागा एका बाईची होती तर सगळे बसत होते. आता ती सगळ्यांची होणार म्हणून कुणालाच बसता येणार नव्हतं. इस्त्रीवाले चाचा मला म्हणाले, “बेटी, मेरी गाडी किदर जाएगी?” हा प्रश्न माझ्या नवऱ्यानंही ऐकला. दुसऱ्या दिवशी तो स्वतःच म्हणाला, “तुझ्या त्या मामेभावाला फोन कर.”

माझा मामेभाऊ नवा कोरा वकील. काळा कोट अजून कडक. त्याला अशील मिळालं याचा आनंद आमच्या दुःखापेक्षा मोठा होता. त्यानं खरेदीखत पाहिलं, निकाल पाहिला आणि मान डोलावली. “ताई, कागद आपल्या बाजूनं आहे. पण ते म्हणतील, बाईंनी स्वतःच जागा सगळ्यांची म्हणून सांगितलीय. वरच्या अधिकारी मॅडमकडे अपील करू. तिथे आजींनी फक्त एक वाक्य म्हणायचं. ‘ही जागा माझी आहे.’ झालं.”

“एवढंच?” मी म्हटलं.

“एवढंच.”

त्या एवढ्याचसाठी आम्ही पुढचे कितीतरी रविवार घातले. आत्याबाई पारावर मेथी निवडत बसायच्या, मामेभाऊ समोर खुर्चीवर, मॅडम झाल्यासारखा.

“आजी, ही जागा कोणाची?”

“आपली.”

“आपली नाही म्हणायचं. माझी.”

“तुझी कशी व्हईल रे बाबा?”

गल्लीतल्या बायका पदर तोंडाला लावून हसायच्या. चाचा इस्त्री थांबवून बघायचे. मामेभावानं नाना प्रकार करून पाहिले. छातीवर हात ठेवून म्हणा, डोळे मिटून म्हणा, आधी ‘माझं नाव’ म्हणा आणि मग पुढे चला. ‘माझं नाव’ म्हणतानाही त्या म्हणायच्या, “आपलं नाव तुला म्हाईत हाय की.” तो बिचारा घामाघूम. शेवटी मी चिडले. मी म्हटलं, “आत्याबाई, एक शब्द आहे. लहान पोरंसुद्धा आधी तोच शिकतात. तुम्हाला म्हणायचाच नाहीये का?”

त्यांनी मेथीची जुडी खाली ठेवली. मला वाटलं आता माझी खैर नाही. पण त्या हळू बोलल्या.

“आमच्या मायनं तोंडावर मारलं व्हतं. ल्हान व्हते मी. भाऊ ताटातली भाकर घ्यायला लागला तवा म्हणले, माझी हाय. माय म्हणली, पोरीच्या जातीनं माझं माझं करू नये. इथलं भावाचं, तिथलं नवऱ्याचं. आपलं म्हणावं, म्हंजी कुणी नाय म्हणत नाय.” मग जुडी परत हातात घेतली. “आन् खरं सांगू का बाई, माझं म्हणलं की समोरचा भायेर ऱ्हातो. बरं नाय वाटत.”

मी त्यांच्याजवळ बसले आणि मेथी निवडायला लागले. मला त्यांचा राग येणं बंद झालं, पण काळजी वाढली. त्यांना जागा गमवायची नव्हती, हे मी पाहत होते. रोज संध्याकाळी त्या पाराला हात लावून यायच्या. मामंजींनी जिवंतपणी दिलेल्यातली ती शेवटची वस्तू. लुगडी फाटली, बांगड्या वाढवल्या, ही राहिली होती.

सुनावणीच्या दिवशी नवऱ्यानं शिफ्ट बदलून घेतली. आत्याबाईंनी ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलं. साक्षीदार म्हणून चाचा निघाले, इस्त्रीच्या शर्टात. आयुष्यभर लोकांचे शर्ट कडक केलेल्या माणसाला त्या दिवशी पहिल्यांदा मी कडक शर्टात पाहिलं. कार्यालयात गर्दी, पंख्यांचा खडखडाट, भिंतीला पानाच्या पिचकाऱ्या. आमचा पुकारा झाला.

मॅडम पन्नाशीच्या, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. आत्याबाईंना पाहून खुर्चीतून जरा उठल्यासारखं केलं. “या आजी, या. बसा अशा पंख्याखाली. घाबरू नका, ऑफिस आपलंच आहे.” आत्याबाई बसल्या. पलीकडे पाहणीवाले साहेब फाइल घेऊन उभे होते. त्यांनी आत्याबाईंना नमस्कार केला. आत्याबाईंनीही केला. वैर असं नव्हतंच.

पहिले चाचा. मॅडमनी विचारलं, जागा किसकी है? चाचा खणखणीत म्हणाले, “अम्माँ की है, मॅडम.” मामेभावाचा चेहरा उजळला. तेवढ्यात चाचांनी भर घातली, “मगर अम्माँ बोलते ना, अपनीच समझो. तो अपनीच है.” मामेभावानं रुमाल काढून तोंड पुसलं. साहेब फाइलीत बघून हसले. मी चाचांकडे असं काही पाहिलं की ते म्हणाले, “क्या हुआ? सच्ची बोला मैं.”

मग मामेभाऊ उभा राहिला. मला वाटलं कायद्याची कलमं येतील. पण भाऊ भलत्याच रस्त्यानं गेला.

“मॅडम, सगळा निकाल ‘आपली’ या एका शब्दावर उभा आहे. मराठीत म्हण आहे, आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं. आता या म्हणीतला बाब्या सार्वजनिक आहे का? आपलेच दात, आपलेच ओठ. मॅडम, ओठ सर्वांचे मिळून असतात का?”

मॅडमनी चष्मा काढून पुसला. चष्मा स्वच्छच होता. हसू दाबायला वेळ हवा होता, एवढंच. साहेब म्हणाले, “मॅडम, म्हणी ठीक आहेत. पण बाईंनी स्वतः, माझ्यासमोर, आपली म्हणून सांगितलं. समदी बसत्यात असंही सांगितलं.”

“आजी, म्हणालात का तुम्ही असं?”

“व्हय, म्हणले.” आत्याबाई उभ्या राहिल्या. त्यांना बसून भांडता येत नाही.

“मग आपली म्हणजे सगळ्यांचीच ना?”

“मॅडम, मी आत आले तवा तुमी काय म्हणलाव? हापिस आपलंच हाय म्हणलाव. मी म्हणले का, मग द्या लिहून मला? खुर्ची मागितली का तुमची?” मॅडम आता उघडच हसायला लागल्या. आत्याबाई साहेबांकडे वळल्या. “आन् साहेब, तुमाला धपाटे दिले तवा बी मी म्हणले, घ्या, आपलंच हाय. ते बी कागदावर लिवलं का? सार्वजनिक धपाटे म्हणून?”

मॅडमनी साहेबांकडे पाहिलं. “धपाटे खाल्लेत तुम्ही?”

“दोनच, मॅडम,” साहेब म्हणाले.

“चार,” आत्याबाई म्हणाल्या. “चांगले चार. पर ते जाऊ द्या, खाणाऱ्याचे मोजू नाय.”

दारातला शिपाई, पुढच्या पुकाऱ्याची वाट बघणारी माणसं, टायपिस्ट, सगळे हसत होते. साहेबही हसत होते, कान लाल करून. माझा नवरा, जो कधी हसताना दात दाखवत नाही, तो भिंतीला टेकून हसत होता. मला वाटलं जिंकलो. पण मॅडमनी हात वर केला आणि खोली शांत झाली.

“आजी, हसून झालं. पण मला निकालात स्पष्ट लिहावं लागेल. तुम्ही मागे जे बोललात त्याचा अर्थ तुम्हीच सांगायचा. आता ‘आपली’ नको. जागा कोणाची?”

आत्याबाईंचं तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. त्यांनी मुलाकडे पाहिलं. माझ्याकडे पाहिलं. चाचांकडे पाहिलं. मला जाऊन त्यांचा हात धरावासा वाटला, पण मामेभावानं डोळ्यानं दटावलं. त्यांच्या त्या आईचा मला त्या क्षणी इतका राग आला, त्या न पाहिलेल्या, कधीच्या गेलेल्या बाईचा. एका भाकरीपायी लेकीच्या तोंडातला शब्द काढून घेतला तो घेतलाच.

“माझी,” आत्याबाई म्हणाल्या. इतक्या हळू की टायपिस्टनं मान वर केली.

“काय आजी?”

“माझी हाय.” आता आवाज नेहमीचा, विमानावर मात करणारा. “ह्यांनी माझ्या नावावर केली. माझी जागा हाय. आन् समद्यांना मी बसू देते.”

मला रडू आलं. आलं म्हणजे चांगलं धो धो आलं, पदरानं पुसायला पुरेना. मॅडम टायपिस्टला म्हणाल्या, “‘मी बसू देते’ हे शब्द आहेत तसेच घ्या. भाषा सुधारायची नाही.” आणि साहेबांना म्हणाल्या, “बसू देणारी कुणीतरी आहे, म्हणजे मालक आहे. एवढं तरी पंचनाम्यात दिसायला हवं होतं.” साहेबांनी मान हलवली.

बाहेर आल्यावर मामेभाऊ समजावत होता की लेखी निकाल यायला वेळ लागेल, लगेच आनंद करू नका. ऐकतंय कोण? आम्ही कार्यालयासमोरच्या गुऱ्हाळावर बसलो. रसाचे ग्लास आले. आत्याबाईंनी एक पुढे ओढला आणि म्हणाल्या, “ह्यो माझा.” आम्ही हसलो. पण ते तिथे थांबलं नाही. रिक्षात बसताना म्हणाल्या, “कडंची जागा माझी.” जालना रोडला लागेपर्यंत त्यांच्या ‘माझी पिशवी’, ‘माझी चप्पल’, ‘माझं डोकं दुखायलंय पर बरं वाटायलंय’ असं सगळं म्हणून झालं होतं. तहानलेल्या माणसानं तांब्या सोडू नये तसं. नवऱ्याच्या खिशातला चष्मा काढून, “ह्यो बी माझाच,” म्हणाल्या, तो खरं तर त्याचा होता. तो म्हणाला, “जाऊ दे.” त्या दिवशी मला ते दोन शब्द फार गोड लागले.

निकाल आला. जुना निर्णय रद्द, जागा आत्याबाईंच्या मालकीची. तेच कामगार येऊन बोर्ड उपटून घेऊन गेले. मी पेढे वाटले. मामेभाऊ त्या दिवसापासून आमच्या गल्लीत ‘बाब्या वकील’ झाला. त्याला ते आवडत नाही, पण अशिलं मिळतात. सगळं छान झालं, असं मी म्हणणार होते.

पण दुपारी पारावर कुणी येईना. पहिल्यांदा वाटलं ऊन आहे. मग वाटलं सणाची कामं असतील. चाचा गाडी लावायचे, तीही अगदी कडेला, अंग चोरून. शेंगा आपापल्या ओट्यावर फुटायला लागल्या. मी समोरच्या बाईंना विचारलं तर त्या म्हणाल्या, “न्हाई म्हणलं, आता कायद्यानं त्यांची झाली ना. कसं बसावं उगं?” अरे देवा. म्हणजे सरकारच्या कुलपातून सोडवलेल्या जागेला आमच्या निकालानंच कुलूप लागलं होतं. आत्याबाई खिडकीतून रिकाम्या पाराकडे बघत बसायच्या. बोलणंही कमी झालं. विमान आलं की आता त्यासुद्धा थांबायच्या. तेव्हा मला खरी भीती वाटली.

समोरच्या बाईंच्या मुलीचं लग्न ठरलेलं होतं. एका सकाळी त्या आमच्या दारात आल्या, आत न येता उंबऱ्याशीच उभ्या. पदर सावरत, परक्यासारख्या बोलल्या, “आत्या, हळदीला मांडव टाकायचा व्हता. हॉल बघितला, पर लांब पडतो. तुमची जागा हाय, म्हणून विचारून घ्यावं म्हणलं.”

मला वाटलं, आता आत्याबाई सवयीनं म्हणतील, आपलीच हाय, टाका. मलाही तेच हवं होतं. पुन्हा पहिल्यासारखं होऊ दे सगळं. पण त्या उठल्या, बाईंचा हात धरून त्यांना घरातून थेट पारापर्यंत घेऊन गेल्या. मी मागोमाग गेले. लिंबाखाली उभं राहून त्यांनी हातानं जागा दाखवली, या टोकापासून त्या टोकापर्यंत.

“टाक मांडव. माझी जागा हाय, मी देते.” मग जरा थांबून म्हणाल्या, “आजवर मी समद्यांना नुसतं बसा बसा म्हणत व्हते गं. माझं व्हतंच कुठं द्यायला? जलमात पयल्यांदा कुणाला काय तरी देते मी. नाय म्हणू नको.”

बाई नाही कशाला म्हणतील? त्यांनी वाकून आत्याबाईंच्या पायाला हात लावला आणि दोघी पारावर बसून मांडवाचं दार कुठल्या बाजूला ठेवायचं यावर वाद घालायला लागल्या. चाचांनी गाडी ओढून परत सावलीत घेतली. मला ऑफिसला उशीर झाला होता, तरी मी तिथेच उभी राहिले.